विहिरीला आलेला ताप

भिवंडीला कोणी हवापालटासाठी जात नाही. मी नागपूरहून भर मे महिन्यात तिकडे निघाले तेव्हा घरच्यांनी मला वेड्यातच काढलं. "इथलं ऊन कमी पडलं का?" असं म्हणत नवऱ्यानं माझ्या पर्समध्ये एक कांदा टाकला. ऊन लागू नये म्हणून आमच्याकडे अजूनही कांदा जवळ ठेवतात. मी निघाले होते एका पत्रापायी, आणि ते पत्र माझंच होतं, त्यामुळे कोणावर डाफरायचीही सोय नव्हती.

थोडं मागचं सांगते. मी संगणकशास्त्र शिकवते. आपण मोबाइलवर कृत्रिम बुद्धिमत्तेला दोन ओळींचा प्रश्न विचारतो आणि ती पानभर उत्तर देते, तेव्हा कुठल्या तरी इमारतीत ओळीनं मांडलेली यंत्रं तापत असतात. त्यांना थंड ठेवायला वीज लागते आणि पाणीही लागतं. ते पाणी कुठून येतं आणि तापल्यावर कुठे जातं, याच्या मागे मी काही वर्षं लागले आहे. भिवंडीभोवती गोदामांचं नुसतं रान माजलं आहे. राहनाळच्या पुढे, खाडीच्या अंगाला एक गाव आहे. त्याच्या शिवेवरच्या एका मोठ्या गोदामाचं असंच डेटा सेंटर झालं. गावाचं नाव मुद्दाम लिहीत नाही, ते लोक माझ्यासारख्या पाहुण्यांना आधीच पुष्कळ कंटाळले आहेत.

त्या गावच्या विहिरीत मी जानेवारीत एक यंत्र सोडलं. यंत्र म्हणजे बोटभर लांबीची पोलादी नळी, नायलॉनच्या दोरीला बांधलेली. पाणी किती गरम आहे, हे ती दर पंधरा मिनिटांनी आपल्या पोटात नोंदवून ठेवते. विहिरीला लागूनच चांगुणाकाकींचं घर. साठी ओलांडलेल्या, काटक, गुडघ्यांनी तेवढ्या हैराण. यंत्र त्यांच्या स्वाधीन करून मी शिक्षिकेच्या आवाजात बजावलं होतं, "काकी, याला पाण्याबाहेर काढायचं नाही. एक मिनिटही नाही." काकींनी गळ्याला हात लावून शपथ घेतली.

एप्रिलच्या अखेरीस माझी एक सहकारी मुंबईला गेली होती. तिनं वाकडी वाट करून यंत्रातल्या नोंदी उतरवून आणल्या. तीन महिने आलेख परातीत पाणी ठेवावं तसा सपाट होता. मग चैत्रातले काही दिवस पाणी रोज सकाळी आणि रोज संध्याकाळी चांगलं कोमट व्हायचं आणि मधल्या वेळात निवायचं. मी खुर्चीतून उठून टाळी वाजवली, खोटं कशाला सांगू? सकाळ-संध्याकाळ माणसं मोबाइलवर असतात, यंत्रांवर ताण येतो, कंपनी गरम पाणी सोडते, ते झिरपून विहिरीत येतं. सगळं जागच्या जागी बसलं. त्याच दुपारी मी ग्रामपंचायतीला पत्र लिहिलं: विहिरीत कंपनीचं पाणी झिरपत असण्याची शक्यता आहे, पुढील तपासणीपर्यंत ते पिऊ नये. एक शोधनिबंधही लिहून एका परिषदेला पाठवला.

मेच्या अखेरीस सरपंच हरेश यांचा फोन आला. "मॅडम, तुमच्या पत्राप्रमाणे बाव बंद केली. आता रविवारी ग्रामसभा घेतोय, बुजवून टाकायची का म्हणून. तुम्ही या, दोन शब्द बोला."

बाव म्हणजे विहीर, एवढं मला माहीत होतं. बुजवण्याचं मात्र मी कुठेच लिहिलं नव्हतं. त्या रात्री मी तो आलेख पुन्हा काढून बसले आणि पहिल्यांदा तो मला आवडेनासा झाला. एवढी मोठी विहीर तासाभरात तापते कशी आणि दुपारपर्यंत निवते कशी? खाडीकाठच्या त्या गावात गोड्या पाण्याची ती एकच विहीर होती. माझं चुकलं असेल तर रविवारनंतर तीही राहणार नव्हती. म्हणून मी गुरुवारीच भिवंडी गाठली.

निजामपुरा, गुरुवार

उतरले निजामपुऱ्यात, एका लॉजवर. खाली यंत्रमागाचा कारखाना, वर माझी खोली. मागांची खडखड दिवसभर चालू असते. पहिला तासभर माझं डोकं उठलं, नंतर ती ऐकूच येईनाशी झाली. एकदा वीज गेली आणि सगळं एकदम शांत झालं, तेव्हा मी दचकून बाहेर आले. गॅलरीत सगळेच बाहेर आले होते.

नागपूरचं ऊन भाजतं, पण ते कोरडं. इथे घाम येतो आणि अंगावरच राहतो, त्यावर मागांवरून उडालेले कापसाचे बारीक तंतू बसतात. आरशात पाहिलं तर भुवया पांढऱ्या झालेल्या. खालच्या टपरीवर चहा मागवला, तर चहावाल्यानं पेल्यावर आधी बशी झाकली आणि मग दिला. मला ती अदब वाटली. मी ऐटीत बशी काढून बाजूला ठेवली, आणि दोन घोटांतच कळलं की बशी कशासाठी होती.

"नई हो क्या यहाँ?" शेजारी बसलेले गृहस्थ हसले. हे रशीदमास्टर. खालच्या कारखान्यात माग बिघडला की दुरुस्त करणारे. तीस वर्षांपूर्वी आझमगढहून आलेले, बोटं तेलानं काळी, दाढी मात्र शुभ्र. त्यांनी मला गल्लीच्या टोकाचं हॉटेल दाखवलं आणि तिथला खिचडा खाल्ल्याशिवाय परत जायचं नाही अशी तंबी दिली. डाळी, गहू आणि मटण तासन्‌तास घोटून एकजीव केलेलं, वर तळलेला कांदा आणि लिंबू. आमच्या सावजी रश्श्यापुढे कोणाची मात्रा चालत नाही असं मी अभिमानानं सांगत आले आहे. ते मत मी अजून बदललेलं नाही, पण खिचडा दोनदा घेतला.

गाव, शुक्रवार

सरपंच हरेश स्वतः गाडी घेऊन न्यायला आले. चाळिशीचे, पांढरा शर्ट, गळ्यात बोटाएवढी जाड साखळी, बोलायला मोकळे. वडील भातशेती करायचे आणि भरतीला खाडीत जाळं टाकायचे. यांची गोदामं आहेत. रस्त्याच्या दोन्ही अंगांना निळी पत्र्याची छपरं, त्यांच्यासमोर ट्रेलरच्या रांगा, आणि मध्येच एखाद्या बांधावर निवांत बगळा. डेटा सेंटरच्या फाटकाशी गाडी हळू झाली. आत पंख्यांची घरघर चालू होती आणि बाहेर पाण्याचे टँकर रांगेत उभे होते.

"हे टँकर कुठून येतात?" मी विचारलं.

"लांबून येतात, मॅडम. वाडा तालुक्यातून म्हणतात. आमच्या बावीचा यांना काय उपयोग? यांना भरपूर लागतं."

मी वहीत लिहून घेतलं, पण तेव्हा माझं सगळं लक्ष विहिरीकडे होतं.

विहिरीच्या तोंडावर पत्रे टाकून वर दगड ठेवले होते. रहाट काढून भिंतीला टेकवला होता. आणि पत्र्यावर, प्लास्टिकमध्ये मढवून, तारेनं बांधलेलं माझं पत्र! खाली माझी सही, हुद्दा, कॉलेजचा शिक्का. गावात आल्यापासून प्रत्येक माणूस मला नावानं का ओळखतोय, ते आता कळलं.

"बाव बुजवली ना, मॅडम, की मोकळी जागा भेटते," हरेश सांगत होते. "एक कॉन्ट्रॅक्टर तयार हाय, ट्रेलर लावायला. खराब पानी ठेवून काय करायचं? कोणाचं पोरगं आजारी पडलं तर लोक मला विचारतील."

त्यांचं काय चुकलं? त्यांनी माझ्यावर विश्वास ठेवला होता.

चांगुणाकाकी ओट्यावर माझी वाट पाहत होत्या. "या मॅडम, बसा. पानी देऊ? जारचा हाय हां, बावीचा न्हाय." पाच आठवडे प्यायला पंचायतीचे जार येत होते आणि स्वयंपाकाचं पाणी बायका पलीकडच्या गावाच्या नळावरून डोक्यावर आणत होत्या. काकींच्या डोक्यावरचे केस हंड्याच्या चुंबळीनं घासून विरळ झाले होते. त्यांनी तक्रार केली नाही. एवढंच विचारलं, "यंत्र बरा हाय ना तुमचा?"

मी एक पत्रा सरकवून घेतला आणि बरोबर आणलेलं दुसरं यंत्र आत सोडलं. तासाभरानं काढलं तर पाणी थंड, जानेवारीत होतं तसंच. पण आजचं थंड असणं म्हणजे चैत्रात गरम नव्हतं असं काही सिद्ध होत नाही. मग मी सरळ विचारलं, "काकी, खरं सांगा. मधल्या काळात यंत्र कधी पाण्याबाहेर काढलं होतं का?"

काकींचा चेहरा पडला. "न्हाय हो. एक मिंट न्हाय. देवाशप्पत."

त्या खरं बोलत होत्या, ते दिसतच होतं. शेजारच्या तीन-चार बायकांनीही तेच सांगितलं. मी परत निघाले ती डोक्यावर ओझं घेऊनच.

संध्याकाळी टपरीवर लॅपटॉप उघडून बसले होते, तर रशीदमास्टर चहाचा पेला घेऊन मागून डोकावले. "ये क्या है, मैडम? डिज़ाइन?"

मी सगळी हकिकत सांगितली. त्यांनी पेला खाली ठेवला. मला आत कारखान्यात नेलं आणि एक तागा उलगडून दिव्यासमोर धरला. साध्या पांढऱ्या कापडात एका जागी आडवी, केसाएवढी रेघ.

"यहाँ लूम रुका था. फिर चालू किया तो ये पट्टी आई. कपड़ा सब बता देता है." मग माझ्या आलेखातल्या त्या उभ्या चढावर त्यांनी दुरूनच बोट रोखलं. "आपका भी कहीं रुका है. अपने-आप इतना सीधा नहीं चढ़ता. किसी का हाथ लगा है."

"पूछा मैंने. सब ना बोल रहे हैं."

"क्या पूछा?"

"यही, कि बाहर निकाला था क्या."

मास्टर जोरात हसले. "ऐसे पूछोगे तो कौन हाँ बोलेगा? मैं कारीगर से कभी नहीं पूछता कि लूम क्यों रोका. मैं पूछता हूँ, भाई, उस दिन क्या-क्या हुआ. चाय कब पी, घर से फ़ोन आया था क्या, बत्ती गई थी क्या. पट्टी उसी में से निकल आती है."

इतकी वर्षं मी संशोधनपद्धती शिकवते आहे. कोणाचीही मुलाखत कशी घ्यावी यावर माझं एक अख्खं प्रकरण आहे. मी मास्टरांना चहा पाजला आणि गुपचूप खोलीवर गेले.

गाव, शनिवार सकाळ

सकाळी रिक्षा करून गावात गेले. काकी तांदूळ निवडत होत्या. मीही सुपाशी बसले आणि चार खडे काढून झाल्यावर म्हटलं, "काकी, यंत्राचं राहू द्या. चैत्रात इथे काय काय झालं ते सांगा."

"चैतात?" काकी आठवू लागल्या. "भावकीत दोन लग्ना झाली. सून म्हायेरी गेली, बालंतपनाला. माजा गुडगा धरला. बावीचा गाल काढला."

"गाळ काढला? म्हणजे विहीर उपसली?"

"मग? दर वर्साला काढतान. पंप लावला, सगला पानी भायेर. गडी आत उतरलं."

माझ्या हातातला तांदूळ तसाच राहिला. "आणि यंत्र?"

"यंत्र माज्याकडं. कलशीत पानी भरला आनि त्याच्यात ठेवला. तुमीच सांगितला व्हता ना, पान्याभायेर काढाचा न्हाय."

"किती दिवस?"

"बाव भरंपरंत. आनि मदी मना अकलोलीला जावाचा व्हता, गुडग्यासाठी. घरात कोन न्हाय, पोराची ड्युटी. याच्याकडं बगनार कोन? मी कलशी संगं नेली."

"अकलोलीला? गरम पाण्याच्या कुंडावर?"

"व्हय. रोज सकाली आनि सांच्याला न्हाऊन आली की कलशीतला शिला पानी ओतून द्याची आनि ताजा भराची. कुंडातला. देवीच्या दारात त्याला शिला पानी कशाला?"

मी भिंतीला पाठ टेकली. आधी हसू आलं, मग डोळ्यांतून पाणी यायला लागलं आणि दोन्ही थांबेनात. त्या फोनपासून छातीवर धरलेलं ओझं कोणीतरी उचलून घेतल्यासारखं वाटलं. विहीर चांगली होती! कंपनीचं पाणी त्यात आलं नव्हतं, कोणाच्या पोटात काही गेलं नव्हतं. माझं यंत्र काकींच्या मांडीवर बसून वज्रेश्वरी देवीच्या दारी जाऊन आलं होतं आणि दोन वेळा ताज्या गरम पाण्यानं न्हालं होतं.

काकी घाबरल्या. "काय झाला? माजा काय चुकला का?"

"नाही काकी, तुम्ही सांगितलं तस्संच केलंत. चूक माझी आहे. विहिरीबाहेर काढू नका म्हणायला हवं होतं, मी पाण्याबाहेर म्हटलं." मी डोळे पुसले. "माझ्याबरोबर अकलोलीला याल? आत्ता?"

"कशाला?"

"तुम्ही केलंत तेच पुन्हा करायचं. उद्या सभेत नुसतं सांगून भागणार नाही, दाखवावं लागेल."

काकींनी सूप बाजूला सारलं. "माजा गुडगा तयारच हाय."

अकलोली, शनिवार-रविवार

भिवंडीची गोदामं मागे पडली की हवा बदलते. डोंगर दिसू लागतात, रस्त्याला साग आणि मोह लागतात. वाटेत एक वारली बाई पानांच्या द्रोणात करवंदं घेऊन बसली होती. काकींनी घासाघीस न करता चार द्रोण घेतले आणि तिच्या तान्ह्या लेकराच्या गालाला हात लावला. माझ्या पांढऱ्या कुडत्यावर करवंदाचा डाग पडला तो आजही तसाच आहे.

अकलोलीची कुंडं नदीच्या काठाला आहेत. दगडांनी बांधलेले चौकोनी हौद, पाण्याला गंधकाचा वास. मी एरवी अशा ठिकाणी पाय भिजवून परत येणाऱ्यांतली. काकींनी मात्र मला तसं सोडलं नाही. "हलूहलू उतर गं बाय. आदी पाय, मग कंबर. घाई केली तं चक्कर येल." मॅडमची बाय केव्हा झाले ते कळलंच नाही. मानेपर्यंत पाण्यात बसल्यावर कॉलेज, परिषद, आलेख सगळंच दूर गेलं. काकी डोळे मिटून गुडघे चोळत होत्या आणि शेजारच्या अनोळखी बाईला तिच्या सुनेबद्दल सल्ला देत होत्या.

वर आले तर माझी एक चप्पल कोणीतरी घालून गेलेलं. तिच्या जागी एक निळी स्लिपर ठेवलेली होती, तीही डाव्या पायाऐवजी उजव्याची. मी तीच घालून पुढचे दोन दिवस हिंडले.

काकींनी कळशी भरली, मी यंत्र आत ठेवलं. जेवायला काकींच्या डब्यातली तांदळाची भाकरी आणि सुकटीची चटणी. आमच्याकडे ज्वारीची भाकरी करतात ती थोडी कडक असते. ही पांढरी आणि मऊसूत, दुमडली तरी तुटत नाही. सुकटीच्या वासाला मी आधी नाक मुरडलं आणि मग तिसरी भाकरी मागितली. रात्री धर्मशाळेत कळशी काकींच्या उशाशीच होती.

सकाळी पुन्हा स्नान, पुन्हा कळशीत ताजं पाणी. मग ओट्यावर बसून मी यंत्र लॅपटॉपला जोडलं. दोन उंचवटे आले. चैत्रातला आलेख त्यावर ठेवला, तर एकावर एक बसले.

काकी चष्मा लावून जवळ आल्या. थोडा वेळ बघितलं आणि पहिल्या उंचवट्यावर बोट ठेवलं. "हितं मी सांच्याला न्हाली." मग दुसऱ्यावर. "आनि हितं सकाली." माझ्या विभागातल्या कोणीही तो आलेख इतका बिनचूक वाचला नव्हता.

तिथेच बसून मी परिषदेला दोन ओळी लिहिल्या आणि निबंध मागे घेतला. वाईट वाटलं, नाही असं नाही. वर्षभराचं काम होतं. पण त्यापेक्षा सुटल्यासारखं जास्त वाटलं.

परतीच्या वाटेवर काकी कळशी मांडीवर घेऊन बसल्या होत्या. बऱ्याच वेळानं म्हणाल्या, "माज्यामुलं बाव बंद झाली, असा म्हनतील ना आता? पाच आठवडं बाया लांबून पानी आनतान."

"तुमचं नाव मी काढणार नाही," मी म्हटलं. "कुणीतरी गाळ काढताना यंत्र बाहेर ठेवलं, एवढंच सांगेन."

काकींनी उरलेल्या करवंदांचा द्रोण माझ्यापुढे केला.

ग्रामसभा, रविवार दुपार

सभा देवळाच्या मंडपात होती. पुरुष खुर्च्यांवर, बायका सतरंजीवर. मागे कॉन्ट्रॅक्टर हातात मोबाइल घेऊन उभा. हरेशनी माझी ओळख करून दिली आणि मी उभी राहिले. वर्गात दोनशे मुलांपुढे मी कधी अडखळत नाही. इथे मी वही उघडली आणि पुन्हा मिटली.

"मी तुम्हाला पत्र लिहिलं, ते चुकीचं होतं," मी म्हटलं. "विहिरीचं पाणी गरम झालं नव्हतं. यंत्र त्या दिवसांत विहिरीत नव्हतंच. मी नीट चौकशी न करता लिहिलं. तुमची माफी मागते."

कुजबुज वाढली. एक म्हातारे उठले. "म्हंजी पाच आठवडं आमी जार पिलो, ते उगाच?"

"उगाच."

"मग कंपनी सुटली का?" दुसरा ओरडला.

"तसं मी म्हणत नाही. कंपनीला रोज टँकर लागतात. ते पाणी कुणाच्या तरी गावातून येतं आणि ते मी शोधणार आहे. पण तुमची विहीर तिनं बिघडवलेली नाही. एवढंच मला आज ठामपणे सांगता येतं."

कॉन्ट्रॅक्टर पुढे आला. "मॅडम, आधी एक सांगितलं, आता दुसरं. यंत्र कुठे होतं मग? कोणी नेलं? आज हे, उद्या अजून काही निघेल."

बरोबर होतं त्याचं. पण काकींना दिलेलं वचन मला मोडायचं नव्हतं. सगळे माझ्याकडे बघत होते, आणि माझी गोष्ट अर्धीच असल्यानं तिच्यावर कोणाचा विश्वास बसत नव्हता, हे मला दिसत होतं.

सतरंजीवरून चांगुणाकाकी गुडघ्यावर हात देत उठल्या.

"मी नेला," त्या म्हणाल्या. "गाल काढाच्या वक्ताला. कलशीत घालून अकलोलीला नेला. कुंडातला गरम पानी घातला त्याला, दोन टायम. म्हनून त्यानं गरम लिवला. बावीचा काय दोष न्हाय आनि मॅडमचा पन न्हाय. काय बोलाचा ते मना बोला."

बायकांमधून एक खुसखुस आली आणि ती बघता बघता सगळ्या मंडपभर पसरली. ते म्हातारे तर डोळे पुसत होते. "यंत्राला पन गुडगा व्हता का गं, चांगुने?" त्यांनी विचारलं, आणि काकी स्वतःच तोंडाला पदर लावून हसल्या. मी लॅपटॉप फिरवून दोन्ही आलेख दाखवले. कोणी फारसे पाहिले नाहीत, काकींचं बोलणं पुरेसं झालं होतं.

हरेशनी पंचायतीची फाईल उघडली. आरोग्य केंद्रानं मागच्याच महिन्यात पाण्याचा नमुना तपासला होता आणि पिण्यास योग्य असा शेरा दिला होता. "हा कागद होता आपल्याकडे," ते जरा ओशाळून म्हणाले, "पण मॅडमच्या सहीपुढे कोणी बघितला न्हाय." मग त्यांनी हात वर करायला सांगितलं. विहीर बुजवू नये म्हणून पहिल्यांदा बायकांचे हात वर गेले, मग पुरुषांचे. कॉन्ट्रॅक्टर ठराव लिहून व्हायच्या आतच गाडीत बसला.

सगळा घोळका विहिरीकडे निघाला. गड्यांनी दगड उचलले, पत्रे ओढून काढले. माझं पत्र मी स्वतः तार सोडवून घेतलं आणि फाडून पिशवीत टाकलं. रहाट जागेवर बसला. काकींनी बादली सोडली, ओढून घेतली, तांब्या भरला आणि हातात धरून उभ्या राहिल्या.

बायका भोवती दाटीनं उभ्या होत्या. एकीच्या कडेवर पोर होतं, त्यानं तांब्याकडे हात केला तर तिनं तो मागे ओढला. कोणी पुढे येईना. पाच आठवडे ज्या पाण्याला हात लावला नाही ते एका ठरावानं पिण्याजोगं होत नाही, हे मला तेव्हा समजलं.

काकींनी तांब्या माझ्यापुढे केला. "पिऊ नका म्हनून तूच लिवला व्हतास ना, बाय? मग आदी तू पी."

मी तांब्या दोन्ही हातांनी घेतला. वरून प्यायचं सुचलंच नाही, तोंडाला लावला आणि एका दमात रिकामा केला. पाणी थंड होतं, आणि गोड होतं.

त्या पोरानं पुन्हा हात पुढे केला. या खेपेला आईनं त्याला अडवलं नाही.